सरावाची मुलं

टोल पडला आणि माझा पाठ संपला. चांगला झाला होता, म्हणजे मला तसं वाटत होतं. शेगडीवर परात, परातीत खाडीचं पाणी, पाणी आटतंय, कडेला पांढरा थर धरतोय, तिसरीची पोरं माना लांब करून बघतायत, बोट बुडवून चाखतायत, तोंडं वाकडी करून हसतायत, आणि मागच्या खुर्चीवर चौलकर सर मान डोलवत काहीतरी लिहितायत. अलिबागच्या ट्रेनिंग कॉलेजात शिकणाऱ्या मुलीला सरांची मान डोललेली दिसली की काय होतं ते तिचं तिलाच ठाऊक. सर गेले. मी फडक्यात धरून परात उचलत होते, तर शेवटच्या रांगेतली गोदू पाटी छातीशी धरून पुढे आली. पाटी कोरी, स्वच्छ पुसलेली. पेन्सिलीला घासून टोक काढलेलं. मला म्हणाली, "बाई, आता शिकवनार ना?"

मी म्हटलं, अगं, मग इतका वेळ काय केलं आपण? ती म्हणाली, ह्ये तर मीठ. आणि जागेवर जाऊन पाटी मांडीवर घेऊन बसली. तिच्या बोलण्यात खोडी नव्हती, उद्धटपणा नव्हता. असता तर बरं झालं असतं, एक डोळा वटारला की काम भागलं असतं. ती खरोखर वाट बघत होती. आत्तापर्यंतचं झालं ते झालं, आता बाई खडू घेतील, फळ्यावर काहीतरी लिहितील, ते आपण उतरून घ्यायचं आणि तेच शिकणं, असं तिच्या चेहऱ्यावर स्वच्छ लिहिलेलं होतं. मला एकदम इतका राग आला की परात तिथंच आदळावी असं वाटलं. रात्री जागून काढलेलं पाठाचं टाचण, हेतुकथन काय, दृढीकरण काय, जीवनाशी सांधा जोडणारा समवाय काय, सगळं त्या एवढ्याशा पोरीनं दोन शब्दांत धुऊन टाकलं. आणि राग येऊन करणार काय? कारण ती बोलली ते खोटं नव्हतं. कोळीवाड्यातल्या पोरीला मीठ कसं होतं ते मी शेगडी पेटवून दाखवत होते.

ही शाळा सरावाची. कोळीवाड्याच्या कडेला, मागच्या खिडकीतून मासे वाळत घातलेल्या काठ्या दिसतात. आम्ही ट्रेनिंगच्या मुली इथं येऊन शिकवायला शिकतो. एक गेली की दुसरी, दुसरी गेली की तिसरी, आणि प्रत्येकीला चौलकर सरांनी सांगितलेलं असतं की मूल जिथं आहे तिथून सुरुवात करा, त्याच्या घरातला, आईबापांच्या धंद्यातला अनुभव घ्या. झालं. मग प्रत्येकीला अगदी पहिल्यांदाच सुचल्यासारखं सुचतं, कोळ्याची पोरं, मग मासा. पापलेटाचं चित्र, कागदाचा बोंबील, होडीचं गाणं, जाळ्याची भोकं मोजा. ती पोरं मासा इतक्या वेळा शिकलीत की आम्ही पिशवीतून चित्र बाहेर काढायच्या आधी पुढच्या रांगेतला एखादा सांगतो, बाई, पापलेट. पुण्याकडच्या मुलीला ते सुचलं तर सुचू दे. मी करंज्याची. माझा बाप, विठोबा, मासेमारीचा मचवा चालवतो, आई सोनूबाई उरणच्या बाजारात मासळी विकायला बसते, आणि मीसुद्धा त्याच पोरांसमोर परात घेऊन उभी राहिले. मला कसं कळलं नाही? कळत होतं बहुतेक. पण सरांची मान डोलायला हवी होती.

मागच्या वर्षी मी नापास झाले ती परीक्षा पाठात. लेखी सगळं उत्तम. पाठाच्या वेळी बाहेरून परीक्षक आले होते, त्यांनी शेरा मारला, पाठांतरावर भर, मुले निष्क्रिय. पहिल्यांदा नापास झाले तर कॉलेजनं ठेवून घेतलं, दुसऱ्यांदा ठेवत नाहीत. बाबांनी काही आरडाओरडा केला नाही. ते करंज्याहून तरीच्या होडीनं रेवसला आले, तिथून एसटीनं अलिबागला, वसतिगृहाच्या फाटकात उभ्यानं बोलले आणि परतीची गाडी गाठली. म्हणाले, यंदा झालं तर मास्तरीन, न्हाय झालं तर आईच्या बाजूला पाटी ठेव, ती बी थकली आता. एवढंच. त्यात दमदाटी नव्हती, म्हणून तर ते डोक्यात जाऊन बसलं. आईच्या बाजूची जागा मला माहीत आहे, तिथल्या ओल्या गोणपाटाचा वाससुद्धा माहीत आहे. मला तिथं बसायचं नाही. आईची लाज वाटते म्हणून नाही, पण मला बसायचं नाही, आणि हे मी कुणापाशी बोलू शकत नाही, कारण कॉलेजात दर सोमवारी श्रमाच्या प्रतिष्ठेवर व्याख्यान असतं.

त्या दिवशी पोरं सुटल्यावर कुंपणापाशी गोदूची आई उभी होती, वेणूबाई. डोक्यावरची मासळीची पाटी उतरवून कमरेवर घेतलेली. तिनं मला हाक मारली, बोलीवरून ओळखलं असणार, आमच्याकडचीच गं तू, म्हणाली. मग इकडचं तिकडचं नाही, सरळ मुद्दा. पोरगी तिसरीत आली तरी पाढे येत नाहीत. घरी विचारावं तर सांगते, आज होडीचं गाणं केलं, आज शिंपले लावले. "शिंपले लावायला शालंत कंला जायाचं, बाय? शिंपले माज्या दारात हायत." मी काहीतरी बोलले, नवीन पद्धत आहे, मुलं हसतखेळत शिकतात, असलंच काहीतरी. माझं मलाच ते उसनं वाटत होतं. तिनं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली की पोरगी रोज सकाळी साबण लावून हात घासते, लिंबू चोळते, नखं काढते, बोंबलाला हात लावला असेल तर पुन्हा घासते, का तर शाळेत जायचंय. आणि शाळेत तुम्ही पुन्हा तेच हातात देता. ती रागावलेली नव्हती. तिला खरंच कळत नव्हतं की हे शिकलेले लोक असं का करतात.

हात घासणं मला कुणी सांगायला नको होतं. वसतिगृहात पहिल्या महिन्यात पेणच्या एका कारकुनाच्या मुलीनं आपली ट्रंक माझ्या खाटेपासून उचलून दुसऱ्या भिंतीला नेली होती. बोलली काही नाही, गोड हसली आणि म्हणाली, इकडे उजेड बरा येतो. मी त्या दिवसापासून चिंचेच्या कोळानं हात चोळायला लागले. सुट्टीला घरी गेले तरी आईला मासे निवडू लागायला टाळायचे, डोकं दुखतंय म्हणायचे. आई बिचारी माझ्या कपाळाला सुंठ उगाळून लावायची. त्या सुंठेच्या वासानं मला रडू यायचं, आणि तिला वाटायचं पोरीचं डोकं फारच दुखतंय.

मग नवीन पद्धत नको तर काय हवं? रावजी मास्तर हवेत? संध्याकाळभर मी खोलीत टाचण समोर ठेवून हाच विचार करत बसले आणि डोकं पिकलं. रावजी मास्तर म्हणजे आमच्या करंज्याच्या शाळेतले. पांढरं धोतर, काळी टोपी, हातात निरगुडीची छडी. त्यांच्या शाळेत मासा नव्हता, होडी नव्हती, आपण समुद्राच्या काठावर राहतो याची आठवणसुद्धा नव्हती. होता तो फक्त आवाज. पाढे, पावकी, निमकी, कविता, नद्या, सगळं एका सुरात, सगळ्या शाळेनं मिळून, छपराची कौलं हलावीत असं. मला ते आवडायचं, हे मी कॉलेजात कधी बोलले नाही. त्या आवाजात शिरलं की आपण कोण, कुणाची, अंगाला वास येतो का, काही उरायचं नाही. सगळ्यांचं तोंड एकच. मास्तर मला परीक्षेच्या आधी आपल्या ओटीवर बोलवून शिकवायचे, एक दमडी घेतली नाही कधी. आणि त्याच मास्तरांनी माझ्या भावाला, सदाला, शाळेतून घालवलं. सदा अडखळत बोलायचा. सगळी शाळा सात त्रिकवर पोचली की हा अजून सात दुणेवर. मास्तरांना वाटायचं मुद्दाम करतोय. छडी पोटरीवर, छडी पंजावर, आणि जितकी छडी बसे तितकी जीभ जड होई. एक दिवस तो मधल्या सुट्टीत बाहेर पडला तो सरळ बंदरावर गेला आणि मचव्यात जाऊन बसला. बाबांनी त्याला उतरवलं नाही. आज सदा वाऱ्याकडे बघून वेळ सांगतो म्हणून सगळे त्याचं कौतुक करतात, पण रेवसच्या स्टँडवर त्याला एसटीची पाटी वाचून दाखवावी लागते, आणि तो ती विचारतो ते माझ्या कानाशी, हळू. चौलकर सरांचं पहिलं व्याख्यान ऐकलं तेव्हा मी सदासाठी रडले होते. छडी नको, घोकंपट्टी नको, प्रत्येक मूल आपापल्या गतीनं. मला वाटलं होतं, हा माणूस आमच्या शाळेत असता तर. त्या माणसाचा मला असा राग यावा याचाही मला राग येत होता.

परीक्षा पाठ शुक्रवारी. विषय आला, सहाचा पाढा. सरांनी लगेच सुचवलं, सुके बोंबील घे, सहा सहाच्या जुड्या बांध, मुलं हातांनी मोजतील, पाढा आपोआप तयार होईल. टाचणावर सही घ्यायला बुधवारी त्यांच्या घरी गेले. बाहेरच्या पडवीत बाकावर बसायला सांगितलं. आतून आवाज येत होता. सरांची मुलगी, गोदूच्याच वयाची असेल, इंग्रजी शब्दांची स्पेलिंगं घोकत होती. एका पाठोपाठ एक, झुलत्या सुरात, आणि चुकलं की लाकडी पट्टी टेबलावर खाडकन वाजायची आणि बायकी आवाज म्हणायचा, पुन्हा. ती पुन्हा म्हणायची. पुन्हा. मी बाकावर टाचण मांडीवर घेऊन बसले होते आणि मला कळेना की हसावं की उठून जावं. सर बाहेर आले, त्यांनी माझा चेहरा पाहिला असावा. ते वाईट गृहस्थ नाहीत. कानाच्या पाळ्या लाल झाल्या त्यांच्या. चष्मा पुसत म्हणाले, पुढच्या वर्षी पुण्याला घालायचीय तिला, तिथं प्रवेशाला परीक्षा असते. मग सही करताना, मान वर न करता म्हणाले, "हिचं वेगळं आहे."

मी बरं म्हटलं. बरं नाही तर काय म्हणणार होते? सही माझ्या टाचणावर व्हायची होती. रस्त्यानं येताना मात्र ते शब्द पाठ सोडेनात. हिचं वेगळं आहे. म्हणजे गोदूसाठी बोंबील आणि हिच्यासाठी स्पेलिंग. गोदू जिथं आहे तिथून सुरुवात करायची आणि तिथंच संपवायची. आणि छडी कुणाला आवडते? त्या पट्टीच्या आवाजानं माझ्याही पोटऱ्या आखडल्या होत्या. दोन्हीकडून पोरंच मरतात मेली, आणि त्यांना कुणी विचारत नाही. एक विचारायला आली तर मला परात आदळावीशी वाटली. असं सगळं डोक्यात फिरत होतं आणि तरीही मी बाजारातून चांगले कडक बोंबील निवडून घेतले, कारण शुक्रवार जवळ आला होता आणि मला पास व्हायचं होतं.

शुक्रवारी परीक्षक बाई पुण्याहून आल्या होत्या. सुती पातळ, जाड भिंगांचा चष्मा, हातरुमाल नाकाशी धरलेला, पण हसऱ्या. चौलकर सर त्यांच्या शेजारी, खिडकीजवळ. मी सुरुवात केली. पहिल्या पाच मिनिटांत पोरं माझ्याबरोबर आली. मी टेबलावर बोंबील मोजायला घेतले आणि माझ्या तोंडून एक आलंच नाही. लाभ, म्हटलं मी. लाभ, दोन, तीन, चार. आई असंच मोजते, आमच्याकडे पहिल्या नगाला एक म्हणत नाहीत, लाभ म्हणतात, म्हणजे पुढचं भरभराटीचं होतं. कॉलेजात इतकी वर्षं जपून बोललेली जीभ ऐन वेळी बाजारात जाऊन बसली. पण पोरं खूश झाली, सगळा वर्ग माझ्यामागे म्हणू लागला, लाभ, दोन, तीन, आणि जुड्यांवर जुड्या रचल्या जाऊ लागल्या. परीक्षक बाईंनी सरांच्या कानाशी काहीतरी म्हटलं. सरांची मान डोलली. मला कळलं की मी पास होत होते.

तेव्हा बाईंनी पेन उचलून मागच्या रांगेकडे दाखवलं. ती मुलगी भाग घेत नाही, तिलाही घ्या, म्हणाल्या. गोदू. पाटी मांडीवर, दोन्ही हात परकराच्या घोळात खुपसलेले. मी म्हटलं, गोदू, ये, एक जुडी बांध. ती हलली नाही. शेजारचा मुलगा म्हणाला, ती हात न्हाय लावनार. वर्ग हसला. सरांनी माझ्याकडे पाहिलं, भुवई किंचित वर. आणि माझ्या घशात रावजी मास्तर आले. खरंच आले. ऊठ, उचल, एवढे दोन शब्द, त्या आवाजात. मला तो आवाज काढता येतो, तो माझ्या अंगात आहे, आणि काढला असता तर गोदू मुकाट उठली असती, डोळ्यांतून पाणी काढत तिनं जुडी बांधली असती आणि बाईंनी सहभाग या शब्दापुढं बरोबरची खूण केली असती. तोंड उघडलंसुद्धा होतं मी. तिचे हात परकरात आणखी आत गेले. घासून घासून लाल झालेली मनगटं तेवढी दिसत होती.

"ती हात धुऊन आलीय, बाई," मी म्हटलं.

परीक्षक बाईंना काही कळलं नाही. मग? म्हणाल्या. मग काही नाही, म्हटलं मी, आणि बोंबील गोळा करून टोपलीत भरले, टोपली दाराबाहेर नेऊन ठेवली, कोपऱ्यातल्या कळशीतलं पाणी घेऊन हात धुतले. माझ्याकडे पुढचं काही नव्हतं. टाचणात पुढं होतं ते सगळं टोपलीत गेलं होतं. मला दोनच गोष्टी येत होत्या, एक बाहेर ठेवली होती आणि दुसरी गिळली होती. मी खडू घेतला आणि गोदूला फळ्यापाशी बोलावलं. ती मात्र लगेच आली. तिनं सहा लिहिले, ठसठशीत. खाली बारा लिहिले. आणि थांबली. मागून दोनतीन पोरांनी सूर धरला, सहा त्रिक अठरा, आणि सगळ्या वर्गानं ओढून धरला, अठरा, अठरा. गोदूनं अठरा लिहिले. लिहिलेल्या आकड्याकडे बघत राहिली. पुढचं लिही म्हटलं तर हलेना. मग माझ्याकडे वळून अगदी हळू म्हणाली, अठराच कंला?

अठराच का, हे टाचणात कुठंच नव्हतं. रावजी मास्तरांकडेही नव्हतं. मी फळ्याच्या कोपऱ्यात सहा रेघा ओढल्या, त्याखाली आणखी सहा. सांगायला तोंड उघडलं तर टोल पडला. परीक्षक बाईंनी पेनाला टोपण लावलं आणि अदबीनं विचारलं की पाठ संपला असं समजायचं का. मी नाही म्हणाले. त्यांनी फाईल मिटली. खुर्च्या सरकल्याचा आवाज आला. पोरं बाहेर पळाली. चौलकर सर माझ्या पाठीशी येऊन दबक्या आवाजात म्हणाले की समवाय मध्येच तुटला असं बाईंचं मत झालंय, पण शेरा अजून लिहिलेला नाही, व्हरांड्यात चहा घेतायत, जाऊन नीट बोल, मुलीच्या वागण्यानं गोंधळले म्हण, त्या ऐकतील. त्यांचा आवाज मायेचा होता. बाबांचं फाटकातलं बोलणं माझ्या डोक्यात येऊन गेलं, गोणपाट येऊन गेलं. मला जायचं होतं. पाय उचललाच होता मी.

गोदूनं माझ्या हातातला खडू काढून घेतला. माझ्या रेघा तिनं तळहातानं पुसून टाकल्या, सगळ्या, आणि फळ्यासमोर नीट उभी राहिली. "बाई, तुमी बसा," म्हणाली, "माजं मना करू द्या." मग आपली आपण पहिली रेघ ओढली, दुसरी ओढली, ओठांत काहीतरी मोजत. सहा झाल्यावर थांबून मागे पाहिलं, मी आहे ना ते. मी पहिल्या रांगेत खाली बसले. सर दारात उभे राहून मला म्हणाले, केसर, बाईंचा चहा संपत आला. मी हो म्हटलं, पण उठले नाही. गोदूची अजून तिसरी ओळ व्हायची होती.